तपकिरी कागदातली बाई

मिसाओ अमागाईचं ते पुस्तक विकत घेताना तोकुजी उसुईंना काडीचा त्रास झाला नाही. त्रास झाला तो पुढे, ते घालवताना. त्या वर्षी अख्खा देश ते पुस्तक घेत सुटला होता. पण घेतलेलं पुस्तक घराबाहेर काढायचं कसं, हे कोणी कुठे छापलं नव्हतं.

मिसाओ अमागाई म्हणजे टीव्हीवरच्या सकाळच्या मालिकेतली सून. वर्षानुवर्षं ती सासूचे टोमणे ऐकून घेई, अॅप्रनच्या टोकानं डोळे टिपी आणि मऊ आवाजात "बरं" म्हणे. घरोघरच्या सासवा आपापल्या सुनांना सांगत, बघ जरा तिच्याकडे, काही शीक. तर ह्या सुनेनं वयाच्या छत्तिसाव्या वर्षी फोटोंचं पुस्तक काढलं. उत्तरेकडच्या समुद्राकाठचं एक रिकामं घर, त्यातल्या तेरा खोल्या, खोलीमागे एक पान, आणि त्या खोल्यांतून एकटीच वावरणारी मिसाओ. कपड्यांचं म्हणाल, तर पहिल्या पानावर एक पांढरा पंचा होता. वर्तमानपत्रांत पानभर जाहिराती आल्या. न्हाव्याकडे, बँकेच्या रांगेत, वर्षश्राद्धाच्या जेवणातसुद्धा दुसरा विषय राहिला नाही. ही कला आहे म्हणणाऱ्यांनी एकेक प्रत घेतली, आणि देश रसातळाला चालला म्हणणाऱ्यांनीही घेतली, कारण मत द्यायचं तर आधी पाहायला नको का. बायकांनी तिच्यासारखे केस मानेवर एकाच काट्यात अडकवायला सुरुवात केली, ती ह्याच सुमारास.

तोकुजी बाथटबची झाकणं बनवणाऱ्या एका कंपनीत उपविभागप्रमुख होते. झाकण ह्या वस्तूबद्दल त्यांना मनापासून आदर होता. उघडं राहिलेलं पाणी गार होतं आणि उघडा राहिलेला माणूस हसं करून घेतो, असं त्यांचं मत होतं, आणि त्या मताला धरूनच त्यांचा संसार चालला होता. ते राहत त्या कुरिनोदाईतले बहुतेक पुरुष घरी आल्यावर तीनच शब्द बोलतात: आंघोळ, जेवण, झोप. तोकुजी तेही कधीकधी नुसत्या मानेनं भागवत. बायकोला हाक मारायची झाली तर "अगं". फुसाएचं त्यावर काही म्हणणं असेल तर ते तिनं कधी बोलून दाखवलं नव्हतं.

एकदाच ती बोलली. टीव्हीवर त्या पुस्तकाची चर्चा चालू होती आणि ती नासपती सोलत होती. सुरी न थांबवता ती म्हणाली, "हे पुस्तक ज्या घरात येईल, त्या घरात मी राहणार नाही." मग तिनं विचारलं, "आणखी एक फोड घेताय?"

तोकुजींनी फोड घेतली. पुस्तक त्या वेळी त्यांच्यापासून हातभर अंतरावर, ऑफिसच्या बॅगेत होतं.

ते त्यांनी त्याच संध्याकाळी ऑफिसजवळच्या दुकानातून घेतलं होतं. घराजवळच्या दुकानातून घेण्याइतके ते बावळट नव्हते. दुकानदारानं काही न विचारता, काही न बोलता, पुस्तक दुकानाच्या तपकिरी कागदात घालून दिलं. तसा तो रिवाजच आहे, कोण काय वाचतो हे दुसऱ्याला दिसू नये म्हणून. पण गाडीत बसल्यावर तोकुजींच्या लक्षात आलं की समोरच्या बाकावरच्या चौघा गृहस्थांच्या मांडीवर तसंच, तेवढंच, तपकिरी कागदातलं चपटं काहीतरी आहे. चौघेही छताकडे पाहत होते. तोकुजींनीही छताकडे पाहिलं.

पुस्तक उघडलं ते न्हाणीघरात, दाराला आतून कडी लावून. आणि खरं सांगायचं तर त्यांची निराशा झाली. लोक म्हणत होते तिच्या अंगावर काही नाही. तोकुजींना जाणवलं ते हे, की त्या घरात काही नाही. खुर्ची नाही, कपाट नाही, भिंतीवर कॅलेंडरसुद्धा नाही. नुसत्या चटया, खिडक्या आणि खिडकीबाहेर राखी समुद्र. बाई बऱ्याच पानांवर पाठमोरी, आणि जिथे वळली होती तिथे तिची नजर पाहणाऱ्याच्या खांद्यावरून पलीकडे गेलेली, जणू मागे कोणी येऊन उभं आहे. तोकुजींनी वळून पाहिलं. मागे टॉवेल होता. टॉवेलच आहे हे दोनदा बघून घेऊन त्यांनी पुस्तक मिटलं आणि अंगावर शहारे आले म्हणून टबातलं पाणी जरा जास्त गरम केलं. भीती वाटली हे ते कोणापाशी कबूल करणार नव्हते, पण वाटली होती. फुसाएनं नासपती सोलली ती त्यानंतर, जेवणं झाल्यावर.

तेव्हा ते पुस्तक जाणं भाग होतं. नाहीतर फुसाए जाणार होती, आणि फुसाए कधी चेष्टेत बोलत नसे.

रद्दीचा दिवस गुरुवार. तोकुजींनी पुस्तक वर्तमानपत्रांच्या गठ्ठ्याच्या पोटात घातलं, नियमाप्रमाणे सुतळीची आडवी-उभी गाठ मारली आणि गठ्ठा चौकातल्या जागेवर नेऊन ठेवला. तिथे शेजारच्या इनुकाईबाई उभ्या होत्या. रद्दीवर लक्ष ठेवायची त्यांची पाळी नव्हती, पण पाळी नसताना उभं राहणं हा त्यांचा स्वभाव होता. त्यांनी गठ्ठा बोटानं दाबून पाहिला, एखादी बाई फणस पिकलाय का बघते तसा, आणि ऑफिसला निघालेल्या तोकुजींना हाक मारली. आत जाड पुठ्ठ्याचं काहीतरी आहे, पुठ्ठा वेगळा काढावा लागतो, पुठ्ठ्याचा दिवस दुसरा मंगळवार. शिवाय सुतळी कागदाची हवी, ही तागाची आहे. शिवाय गटप्रमुखाच्या घरूनच असं झालं तर लोकांनी काय करायचं. हे सगळं त्यांनी इतक्या अदबीनं सांगितलं, की तोकुजींना तो गठ्ठा उचलून, तीनदा वाकून आभार मानून, घरी परतावं लागलं.

हो, ते गटप्रमुख होते. कुरिनोदाईत दर बारा घरांचा एक गट असतो आणि प्रमुखपद पाळीपाळीनं येतं. त्या वर्षी ते उसुईंच्या दारात येऊन बसलं होतं.

मग स्टेशनसमोरच्या पांढऱ्या पेटीकडे त्यांचं लक्ष गेलं. मुलांच्या दृष्टीस पडू नये असं वाचन लोकांनी घरी न नेता त्यात टाकावं, म्हणून ती पेटी ठेवलेली असते. तोकुजी पहाटे गेले. पेटीचं तोंड साध्या मासिकाच्या मापाचं होतं आणि मिसाओ अमागाई त्याहून चार बोटं रुंद होती. त्यांनी पुस्तक तिरकं घातलं, उभं घातलं, मग ते अडकलं आणि निघेना. अशा अवस्थेत, एक पाय पेटीला लावून, दोन्ही हातांनी ते पुस्तक ओढत असताना, मागून कोणीतरी म्हणालं, "वा, उसुईसान."

ते मागोमे मास्तर होते. निवृत्त मुख्याध्यापक, रहिवासी संघाचे अध्यक्ष आणि त्या पेटीचे पालक. मास्तरांनी मागचापुढचा विचार न करता असा अर्थ लावला की तोकुजी पेटीत कोणीतरी कोंबलेलं घाणेरडं पुस्तक स्वतःच्या हातांनी बाहेर काढताहेत. असा नागरिक आपल्या गटात आहे ह्याचा त्यांना गहिवर आला. त्यांनी तोकुजींना पेटी समितीवर घेतलं आणि कागदात गुंडाळलेलं ते पुस्तक ओढायला हातभारही लावला आणि विल्हेवाट लावायला ते त्यांच्याच हाती दिलं.

तिसऱ्या खेपेला तोकुजींनी ते गाडीत सामानाच्या फळीवर ठेवलं, आणि आपल्या स्टेशनवर हात हलवत उतरले. फार हलकं वाटलं त्यांना त्या दिवशी. पण तोकुजींना एक खोड होती. घरात आलेल्या प्रत्येक वस्तूवर ते आपल्या नावाचा आणि फोन नंबराचा शिक्का मारत: छत्री, डबा, बुटात पाय घालायचं शिंगसुद्धा. तपकिरी कागदाच्या आतल्या घडीवर त्यांनी तो पहिल्याच संध्याकाळी मारला होता. हातानं सवयीनं मारला, डोक्याला कळलंही नाही.

दोन दिवसांनी फुसाए म्हणाली, "हरवलेल्या वस्तूंच्या कचेरीतून फोन होता. तुमचं पुस्तक सापडलंय."

"भूगोलाचं," तोकुजी म्हणाले.

"असेल," फुसाए म्हणाली.

कचेरीतला कारकून अतिशय नम्र होता. अर्जावर पुस्तकाचं नाव लिहायचं होतं. तोकुजींनी ताठ मानेनं 'भूगोल' लिहिलं. कारकुनानं ते वाचलं आणि त्यांना मागच्या कपाटापाशी नेलं. तिथे पुस्तकंच पुस्तकं होती. सगळी एका मापाची, सगळी तपकिरी कागदात.

"सगळी भूगोलाचीच आहेत," तो पापणी न हलवता म्हणाला. "ह्या मोसमात भूगोल फार हरवतोय."

मग नियमाप्रमाणे आतला मजकूर दोघांनी मिळून तपासायचा होता. तोकुजींनी डोळे मिटून घेतले. पान उलटल्याचा आवाज आला, आणि कारकुनाचा आवाज, "खोली, खिडकी, समुद्र. बरोबर आहे. भूगोलच."

तोकुजींनी डोळे उघडले. पहिल्या पानावर खोली होती, खिडकी होती, समुद्र होता. चटईवर पांढरा पंचा नीट घडी घालून ठेवलेला होता. बाई नव्हती.

कारकुनानं पावतीवर शिक्का उमटवला आणि मग, नम्रपणा जरासा खाली ठेवून, हलक्या आवाजात बोलला. "नेताय ते बरं करताय साहेब. ह्या कपाटाकडे पाठ करून बसवत नाही हो आम्हाला."

फलाटावर येऊन तोकुजींनी पुस्तक पुन्हा उघडलं. दुसऱ्या पानावर ती होती, तिसऱ्यावर होती, तेराव्यापर्यंत होती. पहिल्यावर नव्हती. छपाईचा दोष असेल, असं त्यांनी ठरवलं. झाकणांच्या धंद्यातही कधीकधी एखादी खेप सदोष निघते. मात्र गाडीत बसल्यावर त्यांनी पुस्तक मांडीवर न घेता शेजारच्या जागेवर ठेवलं, आणि गर्दी असूनही तिथे कोणी बसायला आलं नाही.

घरी दार उघडतात तो फुसाए समोरच, बूट काढायच्या पायरीपाशी फरशी पुसत होती. ती मान वर करेपर्यंतचा जेमतेम क्षण हाताशी होता. दारामागच्या खुंटीवर गटाच्या फिरत्या पाटीची कापडी पिशवी लटकत होती. तोकुजींनी पुस्तक त्यात सरकवलं.

ह्या पाटीबद्दल सांगायलाच हवं. संघाचं पत्रक पाटीला चिमट्यानं लावतात, ती पिशवीत घालतात आणि पिशवी पहिल्या घरापासून निघते. प्रत्येक घरानं वाचायचं, आपला शिक्का मारायचा आणि पुढच्या घराच्या दाराला अडकवायची. पाटी अडवून ठेवणं हे मोठं पाप. आणि ती मागे कधी जात नाही. बारा घरं फिरूनच ती परत येते. भाऊबंदकीचे खटले चालू असलेली घरंसुद्धा पाटी मात्र एकमेकांना मुकाट्यानं देतात.

दुसऱ्या दिवशी तोकुजी ऑफिसातून आले तेव्हा खुंटी रिकामी होती.

"नगरपालिकेचं भूकंपाच्या सरावाचं पत्रक होतं त्यात," फुसाए म्हणाली. "गटप्रमुखाच्या घरातून उशीर नको म्हणून मी सकाळीच शिक्का मारून इनुकाईबाईंकडे दिली. ह्या वेळी बरीच जड होती." आणि ती मिसो सूप ढवळायला लागली. तिच्या पाठीवरून काही कळत नव्हतं. तोकुजींना बायकोच्या पाठीवरून काही ओळखायची सवयच नव्हती.

त्यांनी हातात पंखा घेतला, सहज फिरायला निघाल्यासारखं दाखवलं आणि इनुकाईबाईंचं दार गाठलं. बाई फाटकापाशी झाडू घेऊन उभ्या होत्या. पाटी मिळाली ना, असं तोकुजींनी विचारलं. मिळाली, वाचली, पुढे दिली, असं उत्तर आलं.

"सगळं वाचलंत?"

"शिक्का मारायचा तर सगळं वाचायला नको का उसुईसान?" इनुकाईबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज नेहमीपेक्षा फारच खाली होता. "छान आहे. आमच्या ह्यांनीही पाहिलं." मग त्यांनी झाडू भिंतीला टेकवला आणि घराकडे पाहिलं, पण आत जायची काही घाई दिसली नाही त्यांना. तोकुजींनीही पाहिलं. दिवाणखान्याच्या खिडकीत कोणी बाई पाठमोरी बसली होती, केस मानेवर एका काट्यात अडकवलेले. पाहुणी असेल, असं समजून तोकुजींनी तिच्या पाठीला वाकून नमस्कार केला. आतून इनुकाईंचा आवाज येत होता. गेली कित्येक वर्षं ज्या गृहस्थाला तोकुजींनी "हं" ह्यापलीकडे बोलताना ऐकलं नव्हतं, तो सावकाश, मायेनं, आपल्या लहानपणच्या नदीबद्दल काहीतरी सांगत होता.

पुढचे आठ-दहा दिवस तोकुजी त्या पिशवीच्या मागे एक घर उशिरा पोचत राहिले. परत मागायची कशी? पाटी मागे जात नाही. आणि मागायची म्हणजे आत जे आहे ते माझं आहे असं म्हणणं आलं. ते रोज एका दारात उभे राहत, सरावाबद्दल काही शंका आहे का म्हणून विचारत, आणि घरधनी त्यांना सांगे की शंका काहीच नाही, ह्या वेळी सगळं चित्रांतूनच समजावलंय ते फार बरं केलंत. असं म्हणणाऱ्यांत चावटपणाचा मागमूस नसे. तोकुजींना आधी तो टोमणा वाटला. मग हळूहळू उलगडा झाला.

पत्रकात लिहिलं होतं की भूकंपात माणसं दगावतात ती अंगावर पडलेल्या फर्निचरखाली, तेव्हा प्रत्येक घरानं खोल्यांची व्यवस्था पाहावी. आणि पत्रकासोबत, त्याच पिशवीत, रिकाम्या खोल्यांचं एक जाडजूड, महागडं, गुळगुळीत छपाईचं पुस्तक होतं. आत गटप्रमुखाचा शिक्काही होता. सरकारी कागद म्हटला की कुरिनोदाईत त्याचा अर्थ विचारत नाहीत, तो अमलात आणतात. बाईचं काय, असं म्हणाल, तर पुढच्या पुढच्या घरांना बाई दिसलीच कमी. प्रत्येक घरातून पिशवी निघे ती एका पानावरची बाई मागे ठेवून.

मागोमे मास्तरांचं घर अकरावं. त्यांना तर बहुतेक नुसत्या खोल्याच दिसल्या, आणि ते भारावून गेले. तोकुजींनी चाचरत सुचवलं की हे पुस्तक नगरपालिकेचं नसेलही. मास्तरांनी लगेच नगरपालिकेत फोन लावला. पलीकडच्या अधिकाऱ्याला पुस्तकाबद्दल काही माहीत नव्हतं, पण माहीत नाही असं म्हणायचा अधिकार त्याला नव्हता. त्यानं फोन चार टेबलांवर फिरवला आणि शेवटी, सोबतच्या सूचनांनुसार कार्यवाही करावी, असं सांगून ठेवून दिला.

"मग कोणाचं आहे म्हणता उसुईसान?" मास्तरांनी विचारलं.

त्या क्षणी माझं आहे म्हटलं असतं, तर सगळं तिथेच थांबलं असतं. तोकुजींना ते कळत होतं. पण पेटी समिती, बाथटबची झाकणं, तीस वर्षांची अब्रू हे सगळं आडवं आलं. ते म्हणाले, नगरपालिकेचंच असणार.

सराव रविवारी होता. सकाळपासून लोकांनी घरातलं सामान बाहेर काढायला सुरुवात केली. कपाटं, आरसे, जेवणाची टेबलं, देव्हारे, मुलांच्या वेळचे पियानो. दुपारपर्यंत गल्लीत चालायला वाट उरली नाही. तोकुजी दंडाला हिरवी पट्टी बांधून, हातात कर्णा घेऊन, लोकांच्या संसारांमधून आडवे-तिडवे फिरत होते आणि छापील कागदावरून वाचत होते, आता जमीन हलते आहे, शांत राहा. कोणी अशांत नव्हतंच. पुरुष मंडळी सराव सोडून आपापल्या घरात जाऊन बसली होती आणि प्रत्येक घरातून हलक्या आवाजात बोलणं ऐकू येत होतं, थांबता न थांबणारं. जे कधी बोलले नव्हते ते सगळे बोलत होते.

बायका संघाच्या हॉलवर भाताचे गोळे वळत होत्या. तोकुजी तिथे डोकावले. इनुकाईबाई होत्या, मास्तरांची बायको होती, फुसाए होती, गटातली एकूण एक बाई होती. मिठाच्या पाण्यात हात बुडवून त्या भात वळत होत्या, आणि सरावाला पुरतील त्याच्या कितीतरी पट गोळे वळून झाले होते तरी कोणी उठत नव्हती. आपण गेल्यावर त्या काहीतरी बोलू लागल्या, असं तोकुजींना वाटलं. परत गल्लीत आल्यावर त्यांनी खिडक्यांकडे पाहिलं. प्रत्येक रिकाम्या खोलीच्या खिडकीत एक बाई पाठमोरी बसलेली होती. हॉलवर सगळ्या आहेत तर मग ह्या कोण, एवढा विचार त्यांच्या मनात आला, पण पुढे जायचं त्या विचाराला धाडस झालं नाही. त्यांनी कर्णा तोंडाला लावला आणि जमीन हलते आहे असं पुन्हा सांगितलं.

पिशवी घराच्या दाराला अडकवलेली होती. बाराही शिक्के नीट रांगेत उमटले होते. तोकुजींनी तिथेच उभ्यानं पुस्तक काढलं. बारा पानं, बारा रिकाम्या खोल्या. तेराव्या पानावर ती होती. पण समुद्राकडे पाहत नव्हती. ती दाराकडे निघाली होती, आणि तिचा एक पाय उंबऱ्यापलीकडे पडला होता.

तेव्हा त्यांना पहिल्यांदा खरी भीती वाटली, आणि ती अब्रूची नव्हती. फुसाए जाईल ही भीती होती ती. ती नसलेलं घर त्यांच्या डोळ्यांपुढे उभं राहिलं आणि ते अगदी ह्या पुस्तकातल्यासारखं होतं. आज, आत्ता, तिला सगळं सांगून टाकायचं, असं त्यांनी ठरवलं. तेवढ्यात खांबावरच्या कर्ण्यांतून पाचाची धून सुरू झाली, मुलांनो घरी जा म्हणणारी ती रोजची सावकाश धून. बोलायची वाक्यं मनात जुळवत त्यांनी घराला एक चक्कर मारली, मग दुसरी. धून संपली, दिवस कलला, आणि ते घरात शिरले.

दिवाणखाना रिकामा होता. त्यांच्याही घरचं सामान कोणीतरी नियमाप्रमाणे बाहेर नेलं होतं. खिडकीतून उजेड ओसरत होता आणि खिडकीपाशी फुसाए बसली होती, पाठमोरी. राखी लोकरी जाकीट, मानेवर एका काट्यात अडकवलेले केस.

"अगं," तोकुजी म्हणाले. ती वळली नाही. वळली नाही ते बरंच झालं, पाठीशी बोलणं सोपं होतं. ते चटईवर बसले आणि बोलू लागले. पुस्तक आपणच आणलं हे सांगितलं, गठ्ठा सांगितला, पेटी सांगितली, भूगोल सांगितला. मग बोलता बोलता ते त्याच्याही पलीकडे गेले. पहिल्या वर्षी भाड्याच्या खोलीत छत गळायचं तेव्हा रात्रभर दोघं भांडी हलवत हसत होतो, ते मला आठवतं, असं म्हणाले. तू वाढलेलं जेवण आवडलं असं मी कधी म्हणालो नाही, पण रोज आवडलं, असं म्हणाले. घरी परतताना वळणावरून स्वयंपाकघरातला दिवा दिसला की छाती हलकी होते, हेही बोलून गेले. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्यांना त्याची लाज वाटत नव्हती. सव्वीस वर्षांत ते एवढं बोलले नव्हते.

"फुसाए," ते म्हणाले. हे नाव त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच बाहेर पडत होतं. "फुसाए, तू जाऊ नकोस."

खिडकीतली बाई वळली. चेहरा शांत होता, मायाळू होता, सगळ्या देशाच्या ओळखीचा होता. तिची नजर तोकुजींच्या खांद्यावरून मागे गेलेली होती.

मागे, बुटांच्या पायरीवर, फुसाए उभी होती. एक चप्पल काढलेली, एक पायात. किती वेळ उभी होती कोण जाणे.

"अहो," ती म्हणाली, "माझं नाव घेऊन कोणाला हाक मारताय?"

तोकुजींनी तिच्याकडे पाहिलं, खिडकीकडे पाहिलं. राखी जाकीट तसंच, केस तसेच. आणि सगळ्यात वाईट हे, की दोघींतली आपली कोण हे ठरवायला त्यांना क्षणभर लागला, आणि तो क्षण फुसाएनं पाहिला.

ती रागावली नाही. खिडकीच्या दिशेनं ती जराशी वाकली, घरी पाहुणं आल्यावर वाकतात तशी. मग हातातलं पानात बांधलेलं पुडकं तिनं पायरीवर ठेवलं. "भाताचे गोळे आहेत," ती म्हणाली. "दोघांपुरते होतील."

तिनं काढलेली चप्पल पुन्हा पायात घातली.

"हॉलवर बाकीच्या थांबल्यात. मी जाते."

घरातून निघताना त्या गावात कोणी "जाते" म्हणत नाही. "जाऊन येते" म्हणतात. कोपऱ्यावर कचरा टाकायला निघालं तरी तेच म्हणतात, आणि घरातला माणूस त्याला उत्तर देतो. तोकुजींनी तोंड उघडलं. सगळे शब्द संपून गेले होते.

उत्तर त्यांच्या मागून, रिकाम्या खोलीतून आलं, मऊ आणि आज्ञाधारक आवाजात.

"बरं. सावकाश जा."